निलंबन ही शिक्षा नव्हे

(मंडळाच्या वार्षिक स्नेहसंमेलनात भाईंदर येथे झालेले भाषण)



विद्यार्थ्यांचा गुणगौरव नुकताच पार पडला आहे आणि बालगोपाळांच्या नाट्यप्रवेशाची रंगरंगोटी पडद्यामागे चालू आहे. अशा आनंदाच्या प्रसंगी मी निवडलेला विषय रुक्ष, किंबहुना थोडा अप्रिय वाटेल, याची मला पूर्ण जाणीव आहे. तथापि, चिटणिसांनी मला "काही उपयोगाचे बोला" अशी आज्ञा केली, आणि चौतीस वर्षे सरकारी लेखा शाखेत खर्डेघाशी केलेल्या माणसाकडे उपयोगाचे असे एवढेच असते. म्हणून आज मी निलंबनाविषयी चार शब्द बोलणार आहे.

आपल्या मंडळाच्या सभासदांची यादी कोणीही सहज चाळून पाहावी. गिरगाव, दादर, परळ येथील चाळींतून आपली कुटुंबे भाईंदर व मीरा रोडला येऊन स्थिरावली. त्यांतील बहुतेकांचा संसार मंत्रालय, महानगरपालिका, रेल्वे, पोलीस खाते, जिल्हा परिषद, सरकारी रुग्णालय किंवा शाळा यांच्या पगारावर उभा राहिला. आपल्याकडे शेतीवाडी फारशी नाही, पेढी नाही, दुकान नाही. जे काही आहे ते महिन्याच्या पगाराचे व निवृत्तीनंतरच्या पेन्शनीचे. ज्या समाजाची भाकरी नोकरीवर, त्या समाजाने नोकरीतील संकटाचाही थोडा अभ्यास करावा, हे उचित होय.

'निलंबन' या शब्दातच त्याचा अर्थ आहे. लंब म्हणजे लोंबणे. निलंबित माणूस नोकरीतून गेलेला नसतो आणि नोकरीवर असलेलाही नसतो. पुराणातील त्रिशंकूप्रमाणे तो मध्येच राहतो. हजेरीपटावर त्याचे नाव असते, पण खुर्चीवर बसण्याचा अधिकार नसतो. दुसरी नोकरी किंवा धंदा करण्याची त्याला मुभा नसते, आणि परवानगीवाचून मुख्यालय सोडून जाताही येत नाही.

आता नियम काय सांगतो ते पाहू. राज्य शासनाच्या सेवकांना १९७९ चे महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम लागू आहेत. त्यांतील चौथ्या नियमाप्रमाणे शिस्तभंगाची कारवाई योजिलेली किंवा चालू असेल, राज्याच्या सुरक्षिततेस बाधक असे वर्तन घडले असेल, अथवा फौजदारी गुन्ह्याचा तपास वा खटला चालू असेल, तर नेमणूक करणाऱ्या अधिकाऱ्यास सेवकाला निलंबित करता येते. अठ्ठेचाळीस तासांहून अधिक काळ कोठडीत राहिलेला सेवक तर आपोआपच निलंबित मानला जातो. महानगरपालिकेच्या सेवकांसाठी १९४९ च्या महानगरपालिका अधिनियमाचे ५६ वे कलम आहे. त्याचा तपशील मात्र वेगळा आहे.

याच १९७९ च्या नियमांतील पाचव्या नियमात शिक्षांची यादी दिलेली आहे. ठपका, पदोन्नती रोखणे, वेतनवाढ रोखणे, नुकसानीची वसुली, पदावनती, सक्तीची सेवानिवृत्ती, सेवेतून काढून टाकणे आणि शेवटी बडतर्फी. ही यादी कितीही वेळा वाचा, तीत निलंबन सापडणार नाही. माझ्या आजच्या भाषणाचे सारे सार एवढ्यातच आहे. ज्या कारवाईला कायदा शिक्षा मानीत नाही, तिला आपण शिक्षा मानतो आणि तिच्यात स्वतःची शिक्षा मिळवून देतो.

येथे कोणी विचारील की, मग निलंबन हवेच कशाला? याचे उत्तरही प्रामाणिकपणे दिले पाहिजे. ज्याच्यावर गैरव्यवहाराचा आरोप आहे तोच कपाटाची किल्ली घेऊन बसला, तर कागद जागेवर राहतील का? साक्ष द्यावयाची ती त्याच्याच हाताखालच्या लिपिकाने. तो तोंड उघडील का? आपल्या गावाचेच उदाहरण घ्या. १९८५ साली पाच ग्रामपंचायतींची मिळून येथे नगरपरिषद झाली, पुढे आणखी गावे तीत आली आणि २००२ साली महानगरपालिका झाली. मिठागरे, भातशेती व कोळीवाडे असलेल्या या पट्ट्यात एका पिढीच्या आत मनोरे उभे राहिले. जमिनीला सोन्याचे मोल आले की, जमिनीच्या कागदालाही ते येते. नागरी जमीन कमाल धारणा कायद्याखालील बनावट प्रमाणपत्रांच्या प्रकरणात २०२१ साली महापालिकेच्या नगररचना विभागातील आजी-माजी अधिकाऱ्यांना अटक झाल्याचे आपण वर्तमानपत्रांतून वाचले. त्यातील सत्यासत्य ठरविणे न्यायालयाचे काम आहे, आपले नव्हे. मात्र अशा आरोपाचा तपास चालू असताना संबंधिताने त्याच टेबलावर बसून नव्या नकाशांवर सह्या कराव्यात, असे आपल्यापैकी कोणीही म्हणणार नाही. घर घेताना आयुष्याची पुंजी ओतणारे आपणच असतो. तेव्हा निलंबन हे नागरिकाच्या हिताचे साधन आहे, हे प्रथम मान्य करू या.

परंतु साधन किती जपून वापरावे लागते, हे आपल्याच इतिहासाने शिकविले आहे. १८८८ साली मध्य विभागाचे कमिशनर आर्थर क्रॉफर्ड यांच्यावर मामलेदारांकडून नेमणुका व बदल्यांसाठी पैसे उकळल्याचा आरोप आला. हे तेच क्रॉफर्ड, जे मुंबईचे पहिले म्युनिसिपल कमिशनर होते आणि ज्यांचे नाव मुंबईच्या मंडईला पडले. आज त्या मंडईला महात्मा जोतिबा फुले यांचे नाव आहे. गव्हर्नर लॉर्ड रे यांच्या सरकारने इतक्या बड्या गोऱ्या अधिकाऱ्यास निलंबित केले आणि पुण्यात आयोग बसवून काही महिन्यांत चौकशी पुरी केली. अभयाच्या आश्वासनावर कित्येक मामलेदारांनी पैसे दिल्याची कबुली दिली. आयोगाने लाचेचे आरोप सिद्ध झाले असे मानले नाही. हाताखालच्या लोकांकडून कर्जे घेतल्याच्या कारणावरून मात्र क्रॉफर्ड यांना नोकरी सोडावी लागली. पुढे गंमत अशी झाली की, ज्यांच्या कबुलीवर खटला उभा राहिला त्या मामलेदारांविरुद्धच ओरड उठली आणि त्यांतील काहींची नोकरी गेली. सरकारने दिलेले वचन सरकारने पाळलेच पाहिजे, म्हणून लोकमान्य टिळकांनी तेव्हा मामलेदारांची बाजू उचलून धरली. लाच देणे चांगले, असे त्यांचे म्हणणे नव्हते. मोठा माणूस सुटतो व लहान माणूस चिरडला जातो, हा अन्याय त्यांना दिसत होता. सव्वाशेहून अधिक वर्षांनंतरही ही गोष्ट शिळी झालेली नाही.

आता भाकरीच्या प्रश्नाकडे वळू. निलंबित सेवकास पगार मिळत नाही, निर्वाह भत्ता मिळतो. १९८१ च्या नियमांप्रमाणे अर्धवेतनी रजेच्या काळात जेवढे वेतन मिळाले असते, तेवढी ही रक्कम असते. तीन महिन्यांनंतर, विलंबाचा दोष सेवकाकडे नसेल तर ती निम्म्याने वाढविता येते. दोष त्याच्याकडे असेल तर निम्म्याने कमी करता येते. उदाहरणच घ्यायचे तर, मूळ वेतन ४०,००० रुपये असलेल्या माणसाला आरंभी २०,००० रुपये, पुढे फार तर ३०,००० किंवा कमीत कमी १०,००० रुपये, आणि त्यावरील महागाई भत्ता. घराचे हप्ते, मुलांची फी व म्हाताऱ्या आईबापांची औषधे यांना निर्वाह भत्त्याचे गणित ठाऊक नसते.

एके काळी हे गणित याहून क्रूर होते. खालच्या न्यायालयाने दोषी ठरवून कारावास दिलेल्या सेवकास, त्याचे अपील चालू असतानाही, दरमहा केवळ एक रुपया भत्ता द्यावा, अशी तरतूद मुंबई नागरी सेवा नियमांच्या १५१ व्या नियमात होती. महिन्याला एक रुपया! १९८३ साली सर्वोच्च न्यायालयाने आपल्याच राज्याच्या एका प्रकरणात ही तरतूद घटनाबाह्य ठरविली. जगण्यासाठी दिलेला भत्ता जगण्यापुरता तरी असला पाहिजे, ही साधी माणुसकी कायद्याच्या पुस्तकात येण्यास स्वराज्याची छत्तीस वर्षे जावी लागली. त्यापूर्वी १९७३ साली मध्य प्रदेशातील वनखात्याच्या एका सेवकाची फिर्याद त्याच न्यायालयापुढे आली होती. तो रेवा येथे राहत होता आणि चौकशी सुमारे ५०० किलोमीटर दूर जगदलपूरला ठेवली होती. भत्ता न मिळाल्याने त्याच्यापाशी गाडीभाड्यालाही पैसे नव्हते. त्याच्या गैरहजेरीत चौकशी उरकली व तो दोषी ठरला. न्यायालयाने ती कारवाई रद्द केली, कारण ज्याला पोहोचताच येत नाही त्याला बाजू मांडण्याची संधी दिली, असे म्हणता येत नाही.

तरीही मला विचाराल तर, निलंबनातील खरे विष भत्त्याच्या रकमेत नाही, ते विलंबात आहे. २०१५ साली सर्वोच्च न्यायालयाने अजयकुमार चौधरी प्रकरणात सांगितले की, तीन महिन्यांत दोषारोपपत्र बजावले नाही तर निलंबन पुढे चालू ठेवता येणार नाही. त्यास अनुसरून ९ जुलै २०१९ च्या निर्णयाने महाराष्ट्र शासनानेही नव्वद दिवसांच्या आत दोषारोपपत्र बजावण्याचे बंधन घातले. नियम चांगला आहे. परंतु दोषारोपपत्र हाती पडले म्हणजे चौकशी संपली असे नव्हे. चौकशी अधिकारी बदलतात, साक्षीदार निवृत्त होतात, कागद एका कचेरीतून दुसऱ्या कचेरीत फिरत राहतात.

विलंबाचा लाभ नेहमी निरपराध्याला होतो, असाही समज नको. ख्वाजा युनूस या तरुणाच्या पोलीस कोठडीतील मृत्यूच्या प्रकरणात सहायक पोलीस निरीक्षक सचिन वाझे २००४ साली निलंबित झाले. खटल्याचा निकाल लागला नाही, चौकशीचाही सोक्षमोक्ष झाला नाही आणि सोळा वर्षांनी, जून २०२० मध्ये, त्यांना सेवेत परत घेतले गेले. मार्च २०२१ मध्ये एका नव्या गंभीर गुन्ह्यात त्यांना अटक झाली आणि मे २०२१ मध्ये ते बडतर्फ झाले. मृताच्या आईला न्याय नाही, जनतेला उत्तर नाही. सोळा वर्षांच्या निलंबनाने कोणाचे भले झाले? लांबलेले निलंबन निर्दोषाला शिक्षा ठरते आणि दोषीला पळवाट ठरते. म्हणून चौकशी लवकर व्हावी ही मागणी जितकी सेवकाची, तितकीच नागरिकाचीही असली पाहिजे.

येथवर मी सरकारविषयी बोललो. आता आपल्याविषयी बोलतो, आणि त्यात मीही आलो. हे बोलणे मला जड जात आहे, पण आज बोललो नाही तर पुन्हा बोलणे होणार नाही.

काही वर्षांपूर्वी मी या मंडळाचा चिटणीस असताना आपल्यातील एक गृहस्थ निलंबित झाले. ते एका सार्वजनिक कचेरीत लिपिक होते. वर्तमानपत्रात चार ओळी नावानिशी आल्या. हे गृहस्थ आपल्या वधूवर मेळाव्याचे हिशेब ठेवीत असत, आणि त्या हिशेबात कधी आठ आण्यांची चूक मी पाहिली नाही. तरी आम्ही कार्यकारिणीत बसून ठराव केला की, "त्यांना काही काळ विश्रांती द्यावी." ठराव मोठ्या सभ्य भाषेत लिहिला होता, कारण तो मीच लिहिला होता. खाली सही माझी होती. पुढे त्यांच्या मुलीचे ठरत आलेले लग्न मोडले. त्यांच्या पत्नी हळदीकुंकवाला येईनाशा झाल्या. कोणी त्यांना येऊ नका असे म्हटले नव्हते. पण या, असेही कोणी म्हटले नाही.

तीन वर्षांहून अधिक काळ गेल्यावर चौकशीत ते निर्दोष ठरले. निलंबनाचा काळ कर्तव्यकाळ धरला गेला व राहिलेले वेतनही मिळाले. वर्तमानपत्रात त्याची एक ओळही आली नाही. एका रविवारी सकाळी ते माझ्या घरी आले. मला वाटले, आता बोलतील, आणि बोलले असते तर बरेच झाले असते. त्यांनी खिशातून पाकीट काढले, तीन वर्षांची थकलेली वर्गणी मोजून टेबलावर ठेवली आणि पावती मागितली. मी पावती फाडून दिली. चहा नको म्हणाले आणि गेले. आमचे कागद दोन्ही बाजूंनी चुकते झाले. पण त्यांनी पुन्हा मेळाव्याचे हिशेब हाती घेतले नाहीत, आणि घ्या म्हणण्याचा धीर मला झाला नाही.

दुसरी गोष्ट याच्या अगदी उलट आहे. आपल्यातील एक वजनदार अधिकारी लाचलुचपत प्रतिबंधक विभागाच्या सापळ्यात सापडले. तेव्हा आम्ही विश्रांतीचा ठराव केला नाही. "आपला माणूस आहे, शत्रूंनी गोवले आहे" असे म्हणत आम्ही शिष्टमंडळ घेऊन निलंबन मागे घ्यावे म्हणून खेटे घातले. पुढच्या संमेलनात याच व्यासपीठावर त्यांना शाल व श्रीफळ दिले. कालांतराने न्यायालयाने त्यांना दोषी ठरविले. त्या शालीची पावती मात्र आमच्याकडे कोणी मागितली नाही.

भगिनींनो आणि बंधूंनो, या दोन गोष्टी वेगळ्या दिसतात, पण आमची चूक दोन्हीकडे एकच होती. दोन्ही वेळी आम्ही चौकशीचा निकाल लागण्यापूर्वीच आमचा निकाल देऊन मोकळे झालो. लिपिकाला दोषी ठरविले, कारण त्याच्यापासून आपल्याला काही मिळणार नव्हते. अधिकाऱ्याला निर्दोष ठरविले, कारण त्याच्यामुळे आपली कामे होत होती.

मग ज्ञातिमंडळाने करावे तरी काय? मला चार गोष्टी सुचतात.

पहिली: चौकशीचा अंतिम निर्णय होईपर्यंत निलंबित सभासद हा पूर्ण सभासद आहे. त्याचे निमंत्रण थांबू नये, त्याच्या मुलांची शिष्यवृत्ती थांबू नये, त्याच्या घरातील सोयरिकीच्या वाटेत आपली कुजबूज आडवी येऊ नये. पैशांचा व्यवहार त्याच्या हातून तेवढ्या काळापुरता काढणे आवश्यकच वाटले, तर ते त्याच्याशी समोर बसून, कारण सांगून व मुदत ठरवून करावे. आणि तो निर्दोष ठरला की, मंडळाने आपण होऊन त्याच्या घरी जावे. त्याने पाकीट घेऊन आपल्याकडे येण्याची वाट पाहू नये.

दुसरी: शिफारशीचे शिष्टमंडळ कधीही नेऊ नये. जातीच्या नावाने चौकशी थांबविण्यास जाणारा समाज आपल्याच प्रामाणिक सेवकांचा घात करतो, कारण उद्या खरोखर अन्याय झालेल्या सभासदाकडेही लोक त्याच संशयाने पाहतात. "चौकशी थांबवा" असे आपण म्हणू नये. "चौकशी लवकर संपवा" असे म्हणण्याचा मात्र आपल्याला हक्क आहे, व तो बजावावा.

तिसरी: मदत करावयाची तर ती कामाची असावी. निलंबनाचा आदेश हाती पडल्यावर माणूस भांबावतो. दोषारोपपत्राला मुदतीत उत्तर देणे राहून जाते. आपण दुसरा रोजगार करीत नाही, असे प्रमाणपत्र दिल्याशिवाय भत्ता निघत नाही, हेही त्याला कोणी सांगत नाही. चौकशीत आपल्या मदतीस दुसरा सेवक घेता येतो, तीन महिन्यांनी भत्त्याच्या फेरविचाराची मागणी करता येते, आपल्याविरुद्धचे कागद पाहण्यास मागता येतात, या गोष्टी किती जणांना ठाऊक असतात? आपल्यात निवृत्त अधिकारी, लेखापाल व वकील पुष्कळ आहेत. त्यांनी आळीपाळीने रविवारी सकाळी एक तास मंडळाच्या खोलीत बसावे. दोष लपविण्यासाठी नव्हे, तर माणसाला आपली बाजू नीट मांडता यावी यासाठी. आणि शिक्षणनिधीतून अशा घरातील मुलांची फी बिनव्याजी, गाजावाजा न करता भरावी.

चौथी गोष्ट नोकरीत नव्याने शिरणाऱ्या तरुणांसाठी आहे. कोणत्याही कागदावर सही करण्यापूर्वी तो कागद वाचा. तोंडी हुकूम आला तर तो नम्रपणे लेखी मागा. वरिष्ठ रागावतील, बदली होईल, होऊ द्या. बदलीच्या गावीही भाकरी मिळते. आणि आपले हात मळलेले असतील, तर या मंडळाकडे ढाल म्हणून पाहू नका. अंतिम निर्णयात दोषी ठरलेल्या सभासदाच्या बायकामुलांना आपण अंतर देणार नाही. परंतु त्याला शालही घालणार नाही.

दोषी ठरेपर्यंत तो आपला, आणि दोषी ठरल्यावर कायद्याचा. एवढा एक नियम आपण स्वतःपुरता घालून घेतला, तरी सरकारी नियमांच्या कितीतरी उणिवा भरून निघतील. सरकारी चौकशी लवकर संपावी हे आपल्या हातात नाही. पण आपल्या चाळीतली, सोसायटीच्या जिन्यावरची चौकशी सुरूच होऊ नये, हे सर्वस्वी आपल्या हातात आहे.

मी सांगितलेले ते गृहस्थ आज या सभागृहात नाहीत. त्यांची वर्गणी मात्र दरवर्षी वेळेवर येते. येत्या रविवारी मी त्यांच्या घरी जाणार आहे. माझ्यासोबत कार्यकारिणीतील कोणी येणार असेल, तर मला आनंद होईल.

 मुलांच्या नाट्यप्रवेशाला माझ्यामुळे उशीर झाला, त्याबद्दल त्यांची क्षमा मागून मी आपली रजा घेतो.